कोणते देशपांडे?

बुलढाणा जिल्ह्यात गर्दीच्या ठिकाणी 'ए गजानन' अशी हाक मारू नये. शेगावच्या स्टँडवर मारली तर अर्धी रांग वळून बघते, रसवंतीवाला चरक थांबवतो, आणि ज्याला बोलवायचं तो गजानन नेमका कानात बोंडं खुपसून मोबाईल बघत बसलेला असतो. महाराज 1878 साली शेगावात प्रगटले, तेव्हापासून इथल्या बारशाला नावाची फार चर्चा लागत नाही. आत्या पाळण्यात वाकते आणि सगळ्यांना ठाऊक असलेलं नाव सगळ्यांपासून लपवून सांगते. त्यामुळे नुसत्या नावावरून माणूस सापडत नाही, त्याला शेपूट जोडावं लागतं, हे इथल्या पोराला शाळेत जायच्या आधी कळलेलं असतं. गजानन किराणावाला, गजानन मास्तर, गजानन उंच.

गावांचंही तेच. देऊळगाव राजा आहे, देऊळगाव मही आहे, देऊळगाव साकर्शा आहे. जळगाव म्हटलं की समोरचा आधी 'जामोद का?' विचारतो, कारण दुसरं, मोठं जळगाव पलीकडे खान्देशात केळीच्या बागा सांभाळत बसलं आहे. खुद्द जिल्ह्याच्या नावातला 'ढ' काही पाट्यांवर 'ड' होऊन बसतो, आणि कोणाचं काही अडत नाही. असल्या जिल्ह्यात नुसतं आडनाव घेऊन पुस्तक मागायला येणाऱ्या वाचकाचं काय होत असेल, हे बघायचं असेल तर तालुक्याच्या गावातल्या कुठल्याही सार्वजनिक वाचनालयात संध्याकाळी जाऊन बसावं. प्रवेश फुकट असतो, आणि पंखाही असतो.

सरकार वाचनालयांना अ, ब, क, ड असे वर्ग देतं. वाचनालयं तोच न्याय पुस्तकांना लावतात आणि त्यांना आडनावाच्या अक्षराने कपाटात घालतात. मोठ्या शहरांत रंगनाथनांची नाहीतर ड्यूईची पद्धत असते, पुस्तकाच्या पाठीवर गाडीच्या नंबराएवढा आकडा असतो. तालुक्याला 'द'चं कपाट, 'क'चं कपाट आणि 'ज'चं कपाट. याचा परिणाम असा होतो की ज्या लेखकांनी आयुष्यात एकमेकांच्या दारात पाऊल ठेवलं नसतं, ते कायमचे शेजारी होतात. मधे भिंतही नाही. कसर एकाच्या पुस्तकातून दुसऱ्याच्या पुस्तकात सरळ जाते.

'देशमुखाचं पुस्तक पाह्यजे.'

'कोन्त्या देशमुखाचं?'

'आपलेच ना. इथलेच हायेत थे.'

आपले म्हणजे सदानंद देशमुख. चिखली तालुक्यातल्या अमडापूरचे. त्यांच्या 'बारोमास' कादंबरीला 2004 साली साहित्य अकादमी मिळाली तेव्हा घाटावर आणि घाटाखाली सारखाच आनंद झाला. घाटावरचं आणि घाटाखालचं या जिल्ह्यात सहसा एका गोष्टीवर जमत नाही. पण 'बारोमास' नेहमी कोणीतरी नेलेली असते. मग ग्रंथपाल कपाटात हात घालून जो देशमुख लागेल तो काढतात. कापसाच्या भावाने पिचलेल्या माणसाच्या हातात लोकहितवादींची 'शतपत्रे' पडतात. हे देशमुख म्हणजे गोपाळ हरी, मूळचे सिधये. 1848 पासून त्यांनी 'प्रभाकर' साप्ताहिकात पत्रं लिहून पुण्याच्या शहाण्यासुरत्यांची जी हजेरी घेतली, ती वाचून अमडापूरच्या शेजारगावचा वाचक पंधरा दिवसांनी परत येतो आणि म्हणतो, 'हे देशमुख लय चिडेल दिसतात. पन बोलतात खरं.'

त्याच फळीवर चिंतामणराव देशमुखांनी मराठीत आणलेलं 'मेघदूत' असतं. हे रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर. मराठी लेखकांत यांच्या सहीइतकी कोणाची सही लोकांनी जपून ठेवलेली नाही, कारण ती नोटेवर होती. कालिदासाच्या यक्षाचा विरह आणि रुपयाची पत ही दोन्ही खाती एकाच माणसाकडे असावीत, याचं आश्चर्य फक्त आपल्याला वाटतं. त्यांच्या शेजारी लक्ष्मीकांत देशमुख, सनदी अधिकारी, ज्यांच्या दुष्काळावरच्या कथांच्या पुस्तकाचं नावच 'पाणी! पाणी!!' आहे. मार्च महिन्यात ते पुस्तक जिल्हा परिषदेच्या फायलींत गेलं तर परत मिळणं कठीण.

पंजाबराव देशमुखांची गंमत आणखी वेगळी. अकोल्याच्या कृषी विद्यापीठाला त्यांचं नाव आहे, केंद्रात ते कृषिमंत्री होते, म्हणून शेतकरी मोठ्या आशेने त्यांचा ग्रंथ विचारतो. त्यांचा ग्रंथ आहे वैदिक वाङ्मयातल्या धर्माच्या उगमावर, ऑक्सफर्डच्या डॉक्टरेटचा. तुरीवर फवारणी कधी करावी हे त्यात नाही. शिवाय आताच्या पोरांना 'पंजाबराव' म्हटलं की हवामानाचा अंदाज सांगणारे पंजाबराव डखच आठवतात. भेंडवळच्या घटमांडणीवरून पाऊस, पीक आणि राजाची गादी या तिन्हींचा हिशेब करणाऱ्या जिल्ह्यात हे ओघानंच आलं. 'पंजाबरावांचं पुस्तक द्या' म्हणणाऱ्याला खरं म्हणजे उद्याची तारीख हवी असते.

देशमुखांचं काम वसुलीचं आणि देशपांड्यांचं लिहिण्याचं, अशी जुनी वाटणी. वतनं गेली, इनामं गेली, देशपांड्यांची सवय मात्र गेली नाही. त्यामुळे देशमुखांची एक फळी भरते तिथे देशपांडे अख्खं कपाट अडवतात, आणि खरा गोंधळ त्या कपाटापाशी होतो.

साहित्य अकादमीची मराठीची यादी काढून बघा. 1959 साली ग. त्र्यं. देशपांडे, 'भारतीय साहित्यशास्त्र'. 1962 साली पु. य. देशपांडे, 'अनामिकाची चिंतनिका'. 1965 साली पु. ल. देशपांडे, 'व्यक्ती आणि वल्ली'. दर तीन वर्षांनी एक. दिल्लीतल्या एखाद्या बाबूला वाटलं असेल की ही पेन्शन आहे. 1968 साली हप्ता चुकला. मग 1977 साली आत्माराम रावजी देशपांडे, म्हणजे कवी अनिल, 'दशपदी'साठी, आणि 1986 साली आमच्या मेहकरचे ना. घ. देशपांडे, 'खूणगाठी'साठी. पाचांतले पु. ल. सोडले तर बाकीचे आपल्या वऱ्हाड-नागपूरकडचे. पण 'देशपांडे' म्हटलं की लोक जे एक नाव घेतात ते नेमकं विलेपार्ल्याचं. अनुशेष म्हणतात तो हाच.

त्यातही पु. ल. आणि पु. य. दोघंही पुरुषोत्तम. एक पुरुषोत्तम लक्ष्मण, दुसरे पुरुषोत्तम यशवंत. मधलं एक अक्षर सोडलं तर माणूस तोच. पण ते एक अक्षर सोडून जो वाचक पुस्तक घरी नेतो, त्याच्यावर काय गुदरतं याची कल्पना करा. गुरुवारची संध्याकाळ. जेवणानंतर बायकापोरांना गोळा करून वाचून दाखवायचं, सगळ्यांनी पोट धरून हसायचं, असा बेत. पहिलं पान उघडतो तर आत्मा, अस्तित्व आणि अनामिक. आजोबा दुसऱ्या परिच्छेदाला हात जोडतात, पोरगं झोपतं. बायको तेवढी विचारते, 'यात हसायचं कुठे ते आधी सांगा, म्हणजे मी तयार राहते.' पु. य. काही एरवी रुक्ष गृहस्थ नव्हते. 1927 साली त्यांच्या 'बंधनांच्या पलीकडे' या कादंबरीनं सनातन्यांची झोप उडवली होती. पण कपाटात ती कादंबरी नसते. चिंतनिका असते. चिंतनाचं पुस्तक कोणी ढापत नाही.

पु. यं.च्या घरातच गोंधळाची पुढची पिढी जन्मली. त्यांची मुलगी निर्मला देशपांडे, विनोबांबरोबर भूदानासाठी चाललेल्या आणि पुढे राज्यसभेत गेलेल्या. आणि मराठीत कथा-कादंबऱ्या लिहिणाऱ्या निर्मला देशपांडे वेगळ्याच. इथे आडनावाचं सोडा, पहिलं नावही मदतीला येत नाही. शिवाय लग्न करून देशपांडे झालेल्या आहेतच. कुसुमावती देशपांडे, अनिलांच्या पत्नी, 1961 साली ग्वाल्हेरच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्ष झाल्या, त्या जागी बसलेल्या पहिल्या स्त्री. सुनीताबाईंचं 'आहे मनोहर तरी' हे पु. ल. समजून नेलेलं आणि परत करताना नवऱ्याला बायकोकडे वेगळ्याच नजरेनं बघायला लावलेलं पुस्तक. गौरी देशपांड्यांनी अरेबियन नाइट्स मराठीत आणलं, ते सोळा खंडांत. 'देशपांड्यांचं काहीतरी मोठं द्या, सुट्टी आहे' म्हणणाऱ्या निवृत्त शिक्षकाला ग्रंथपालांनी ते दाखवलं की सुट्टी मोठी की खंड मोठे, असा प्रश्न पडतो. बरं, नेमक्या ज्या गोष्टी शाळेत गाळून शिकवलेल्या असतात, त्या या खंडांत गाळलेल्या नाहीत. शिक्षक दुसरा खंड घ्यायला जरा अंधार पडल्यावर येतात.

कवी अनिलांनी हा गोंधळ टाळायला आडनावच काढून टाकलं. त्याचा उपयोग झाला नाही. पुढे अनिल अवचट आले. 'फुलवात' मागणाऱ्या प्रेमी जिवाला 'गर्द' मिळाल्याची उदाहरणं आहेत. व्यसन म्हणून दोन्ही एकच, हा ग्रंथपालांचा बचाव.

आणि ना. घ. जन्म सिंदखेड राजाचा, जिजाऊंच्या गावचा. वकिली मेहकरची. त्यांचं 'शीळ' जी. एन. जोशींनी गायलं आणि तबकडीवरून ते गावोगाव पोचलं. 'शीळ' नावाचा संग्रह निघाला 1954 साली, म्हणजे गाणं लोकांच्या तोंडी बसून दोन दशकं झाल्यावर. लोकांना गाणं माहीत, गायक माहीत, कवी कोण याचा पत्ता नाही. पत्ता असा होता: मेहकर, जिल्हा बुलढाणा, कोर्टात विचारा. पुणं-मुंबईच्या साहित्यवर्तुळापासून इतक्या लांब, पैनगंगेच्या काठी बसून त्यांनी आयुष्य काढलं आणि गावातल्या जुन्या 'कंचनीच्या महाला'चं नाव एका संग्रहाला दिलं. पु. ल. आणि ना. घ. दोघंही 2000 सालीच गेले. त्या वर्षी महाराष्ट्रात 'देशपांडे गेले' म्हटल्यावर 'कोणते?' असं फक्त आमच्या जिल्ह्यात विचारलं गेलं असावं.

आद्याक्षरांवर विसंबणाऱ्यांनाही सुख नाही. ह. ना. आपटे आणि ना. ह. आपटे घ्या. हरी नारायण यांनी 'पण लक्षात कोण घेतो!' लिहिलं आणि नारायण हरी यांनी 'न पटणारी गोष्ट' लिहिली, जिच्यावर पुढे प्रभातचा 'कुंकू' निघाला. मुलाला आजोबाचं नाव ठेवायच्या आपल्या पद्धतीनं बघितलं तर हे बापलेक हवेत. ते एकमेकांचे कोणीच नव्हते. पण ही वंशावळ मी भल्याभल्यांना ठामपणे सांगताना ऐकलं आहे, आणि दोघांपैकी बाप कोण यावर वादही. मराठीतले श्याम मनोहर आणि हिंदीतले मनोहर श्याम जोशी हा त्याच जातीचा दुसरा प्रकार. पैकी एकानं 'हम लोग' ही मालिका लिहिली. दुसऱ्याचं लेखन वाचून आपणच 'हम लोग' का, असा प्रश्न पडतो.

नावाच्या कटकटीतून सुटायचा सर्वांत धाडसी प्रयत्न मलकापूरनं केला. नारायण मुरलीधर गुप्ते 1872 साली मलकापूरला जन्मले. नारायणांचं तेव्हा पेव फुटलं होतं. त्यांनी नाव, बापाचं नाव, आडनाव सगळं टाकून 'बी' एवढं एकच अक्षर ठेवलं. याहून लहान व्हायला जागाच नाही. नोकरी सरकारी, स्वभाव संकोची, पहिला संग्रह 'फुलांची ओंजळ' निघाला 1934 साली, वयाच्या बासष्टाव्या वर्षी. एका अक्षराला कोण वाटेकरी येणार? पण शेजारच्या मराठवाड्यात भगवान रघुनाथ कुलकर्णी नावाचे कवी तयारच होते. कुलकर्ण्यांच्या गर्दीला कंटाळून तेही आडनाव सोडून पळाले आणि नाव घेतलं, बी. रघुनाथ. झालं. ग्रंथपालांच्या यादीत 'बी' आणि 'बी. रघुनाथ' एकाखाली एक आले, आणि परीक्षेला बसणाऱ्या किती पोरांनी बींचा 'चाफा' बी. रघुनाथांच्या परभणीला नेऊन लावला असेल याचा हिशेब नाही. कुलकर्ण्यांतून सुटायची सोपी वाट जी. ए. कुलकर्णींनाच सापडली. वा. ल., द. भि., गो. म., व. दि. अशा देवनागरी अक्षरांच्या गर्दीत यांनी आद्याक्षरं तेवढी इंग्रजी घेतली, आणि दुरून ओळखू यायला लागले.

विलायतेतही हीच रड. विन्स्टन चर्चिल नावाचे अमेरिकेत एक कादंबरीकार होते, आणि 1899 साली ते इंग्लंडच्या चर्चिलपेक्षा पुष्कळ जास्त खपत होते. इंग्रज चर्चिलनं त्यांना पत्र लिहून कळवलं की घोटाळा नको, यापुढे मी 'विन्स्टन स्पेन्सर चर्चिल' अशी सही करीन. अमेरिकन चर्चिलनं उत्तर पाठवलं की मला दुसरं नाव असतं तर मीही लावलं असतं. इतका सज्जन पत्रव्यवहार दोन साहेबांनाच जमतो. हे दोघे आमच्याकडे असते तर एका दिवसात चर्चिल राजा आणि चर्चिल मही करून टाकले असते, टपालखर्च वाचला असता.

'क'च्या कपाटात काळे आहेत. काळे मागणारा शंभरातल्या नव्वद वेळा व. पु. मागत असतो, आणि 'पार्टनर' नेलेली असते. मग हाती येतात यादव माधव काळे. बुलढाण्याचे वकील, 'वऱ्हाडचा इतिहास', 1924. नवीन लग्न झालेल्या मुलीनं वपुंऐवजी हे पुस्तक नेलं तर तिला संसाराबद्दल काही कळणार नाही, पण निजाम, भोसले आणि इंग्रज या तिघांनी एकाच प्रांतावर संसार कसा केला हे नीट कळेल. माझ्या मते त्यातून संसाराचंही पुष्कळ कळतं. किशोर शांताबाई काळे यांचं 'कोल्हाट्याचं पोर' त्याच फळीवर असतं. मधल्या नावाची जागा बहुतेकांकडे बापासाठी राखीव असते. या लेखकानं तिथे आईचं नाव लिहिलं, म्हणून निदान हे एक पुस्तक चुकून कोणाला दिलं जात नाही.

गजाननांचं कपाट मात्र कोणी केलेलं नाही, याचं मला वाईट वाटतं. ग. दि. माडगूळकर गजानन, ग. त्र्यं. माडखोलकर गजानन, हिंदीतले मुक्तिबोधही गजानन माधव, आणि घरी बोलायचे मराठी. 'गीतरामायण', नागपुरी संपादकाच्या कादंबऱ्या आणि 'चाँद का मुँह टेढ़ा है' एका फळीवर. शिवाय 'गजानन विजय'कार दासगणू, गणेश दत्तात्रेय सहस्रबुद्धे. म्हणजे अर्थानं तेही गजाननच. शेगावच्या वाचनालयाला हे सहज शोभलं असतं.

राहता राहिले जोशी. चिमणरावांसाठी चिं. वि. जोशी मागितले आणि तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोश्यांचा 'वैदिक संस्कृतीचा विकास' मिळाला, हे आता जुनं झालं. अस्सल घोटाळा शरद जोश्यांचा. इथे आडनाव एक, नाव एक, काळ एक, आणि शेतीसुद्धा एक. आमचे शरद जोशी 1935चे. स्वित्झर्लंडमधली टपाल संघटनेची नोकरी सोडून आंबेठाणला कोरडवाहू जमिनीत उतरलेले, शेतकरी संघटनेचे. 1991 साली शेगावच्या मेळाव्यात त्यांनी 'चतुरंग शेती' सांगितली, ती ऐकलेली माणसं आज काठी टेकत वाचनालयात येतात. दुसरे शरद जोशी 1931चे, उज्जैनचे, हिंदीतले पट्टीचे व्यंगकार. कविसंमेलनात गद्य वाचून कवींपेक्षा जास्त टाळ्या घेणारे. 'ये जो है ज़िंदगी' ही दूरदर्शन मालिका त्यांचीच. आमच्याकडे मध्य प्रदेशची हद्द हाकेवर, त्यामुळे कपाटात हिंदी पुस्तकंही असतात आणि ती आडनावाच्या जागीच बसतात.

नांदुऱ्याकडचे एक म्हातारबा शरद जोश्यांचं पुस्तक मागायला आले. ग्रंथपालांनी दिलं. नाव, 'जीप पर सवार इल्लियाँ'. इल्ली म्हणजे हरभऱ्यावरची अळी, हे घाटाखाली कोणाला सांगावं लागत नाही. गोष्ट अशी की हरभऱ्यावर अळी पडल्याची बोंब होते, कृषी खात्याचे साहेब जीपमधून पाहणीला निघतात, अळी कुठे दिसत नाही, पण परत येताना जीप हिरव्या हरभऱ्यानं भरलेली असते आणि साहेब सोलून खात बसलेले असतात. लेखकाला वाटतं, याच त्या मोठ्या अळ्या.

म्हातारबांनी ते पुस्तक महिनाभर ठेवलं. परत आणताना ते काउंटरवर आपटत म्हणाले, 'हे जोशी आपल्या गावात कधी येऊन गेले हो? सारं बराबर लेह्यलं. पन त्या जीपमधल्या अळ्यायवर कोन्तं औषध माराचं, थे काई सांगितलं नाई त्यायनं.'

ग्रंथपालांनी सांगायचा प्रयत्न केला की काका, हे ते नव्हेत.

'थे समजलं मले,' म्हातारबा म्हणाले. 'औषध त्या दुसऱ्या शरद जोशीयच्या पुस्तकात असन. थे द्या आता.'